आंब्याखालची अतिक्रमणं

पुण्यातल्या कुठल्याही जुन्या सोसायटीत पार्किंग आणि कंपाउंडची भिंत यांच्यामध्ये एक पट्टा असतो. बिल्डरच्या छापील पत्रकात त्याला ‘लँडस्केप गार्डन’ म्हटलेलं असतं. प्रत्यक्षात तिथे एक आंबा, भिंतीला लागून दोन अशोक, पाण्याच्या टाकीचं झाकण आणि कुणीतरी बाथरूमचं काम काढलं तेव्हापासून पडून असलेलं एक वॉश बेसिन असतं. आंबा इमारतीच्या आधीचा, त्यामुळे त्याला सभासदत्व नसलं तरी ज्येष्ठता असते. त्याच्याखाली ऊन येत नाही आणि म्हणून तिथे काही उगवत नाही, यावर सगळ्यांचं एकमत असतं. सोसायटीत ज्यावर एकमत होतं असा हा एकमेव मुद्दा, आणि तोही धादांत खोटा. सावलीत भरपूर उगवतं. ठराव करून लावलेलं तेवढं उगवत नाही.

आमच्याकडे आधी लॉन होऊन गेलं. कमिटीची मुदत पाच वर्षांची आणि प्रत्येक नव्या कमिटीला लॉन हवं असतं. टेम्पोतून हिरवळीच्या गुंडाळ्या येतात, जमिनीवर उलगडल्या जातात, पहिल्या रविवारी त्यावर नातवंडांचे फोटो निघतात, ‘लॉनवर चालू नये’ अशी पाटी लागते आणि दिवाळीपर्यंत फक्त पाटी उरते. हिरवळीला रोज निदान पाच-सहा तास ऊन लागतं. आंब्याखाली ते कवडशांच्या हप्त्यांनी मिळतं.

मग खजिनदारांच्या सूनबाईंच्या ओळखीचा एक लँडस्केपवाला तरुण आला. त्याने पट्टा पाहिला, दोन फोटो काढले आणि म्हणाला, “अंकल, इथे लॉन नको. ग्राउंड कव्हर करू.”

“म्हणजे काय?” सेक्रेटरींनी विचारलं.

“सावलीत पसरणारी झाडं. एकदा भरली की जमीन दिसणारच नाही.”

“जमीन आत्ताही दिसत नाहीये,” बी विंगमधले निवृत्त इंजिनिअर काका म्हणाले. “तुमचीच बाइक उभी आहे तिच्यावर.”

यादी मात्र चांगली होती. स्पायडर प्लांट, मोंडो ग्रास, रोहिओ, सिंगोनियम, नेफ्रोलेपिसचे नेचे आणि पानांवर जांभळे-रुपेरी पट्टे असलेली ट्रॅडेस्कॅन्शिया. सगळी सावलीत सुखाने नांदणारी. दोन रोपांत नऊ इंच अंतर ठेवायचं, असं त्या मुलाने स्पष्ट लिहून दिलं होतं. खजिनदारांनी कोटेशन पाहिलं आणि सोसायटीच्या हिताचा निर्णय घेतला. पिशव्या निम्म्या करा, अंतर दीड फूट ठेवा. पसरणारीच झाडं आहेत ना? मग पसरतील की.

पुढचं सगळं रामायण या बचतीत आहे. महापालिकेचा अतिक्रमण विभाग ज्यांनी जवळून पाहिला आहे, त्यांना वेगळं सांगायला नको. मोकळा प्लॉट दिसला की आधी एक चहाची टपरी येते. मग तिच्या आडोशाला पंक्चरवाला, त्याच्या शेजारी रसवंती, आणि तुमचा अर्ज साहेबांच्या टेबलावर पोहोचेपर्यंत तिथे विजेचा मीटर बसलेला असतो. दोन रोपांमधली दीड फूट उघडी माती हा असाच प्लॉट. रोपं एकमेकांना भिडून वरून छप्पर धरेपर्यंत मधे जो काळ जातो, त्यात ताबा कोण घेतो एवढाच काय तो प्रश्न. ग्राउंड कव्हरची सगळी लढाई पहिल्या वर्षाची असते. छप्पर धरलं की खाली उजेड पोहोचत नाही आणि बारीक बियांची बरीच तणं उजेडाशिवाय रुजतच नाहीत. पण छप्पर धरायला रोपं जवळजवळ हवीत, आणि ती तर आम्ही वाचवली होती.

बियाणंही सोसायटीच्या पैशानेच आलं. लाल मातीबरोबर शेणखताचा टेम्पो आला. गाईने खाल्लेल्या गवताचं बी पुष्कळदा तिच्या पोटातून साबूत बाहेर पडतं. खत नीट कुजलं, आतून चांगलं तापलं, तर ते मरतं. आमचं खत स्वस्तातलं होतं, म्हणजे अर्धकच्चं. नर्सरीतल्या प्रत्येक पिशवीत रोपाच्या बुडाशी आंबुशी होती आणि पायलिया नावाची बारीक, रसरशीत पानांची एक वनस्पती होती. ती नर्सरीवाल्यांनी कधी लावलेली नसते आणि नर्सरीतून कधी जातही नाही. वरून आंब्यावर बसणारे बुलबुल आणि साळुंक्या पिंपळाची, उंबराची फळं खाऊन खाली रोज नव्याने पेरणी करत होते. त्याचं कोटेशन कुणी दिलं नव्हतं.

जूनमधल्या पहिल्या दमदार पावसानंतर वाफा हिरवागार झाला. सेक्रेटरींनी ग्रुपवर फोटो टाकला, ‘आपली बाग बहरली!’ टाळ्यांची रांग लागली. त्या फोटोत ग्राउंड कव्हर शोधावं लागत होतं.

त्या बहरात पहिला मान केन्याचा. केना हा ट्रॅडेस्कॅन्शियाचा चुलतभाऊ, हे अलंकारिक नाही, वनस्पतिशास्त्र दोघांनाही कॉमेलिनेसी या एकाच कुळात घालतं. एकाला पैसे मोजून आणलं, दुसरा आपल्या पायांनी आला. दोघांची चालही सारखी. रसदार खोड, पान बुडाशी खोडाला वेढलेलं, आणि जमिनीला टेकलेल्या पेराला लगेच मुळं. जवळून पाहिलं तर फरक कळतो. केन्याचं पान जिथे खोडाला मिठी मारतं तिथे बारीक तांबूस केस असतात. सकाळी एक नाजूक निळं फूल उमलतं आणि दुपारपर्यंत मिटूनही जातं. पण रविवारी सकाळी चहा-पोहे आटोपून श्रमदानाला उतरलेल्या सभासदाला पानाच्या बगलेतले केस बघण्याइतकं वाकता येत नाही. जांभळं ते आपलं, हिरवं ते तण, एवढा सोपा हिशेब त्याला देण्यात आलेला असतो. आता गंमत अशी, की दाट सावलीत ट्रॅडेस्कॅन्शियाचा जांभळा रंग फिका पडून ती हिरवट दिसायला लागते. त्यामुळे पहिल्या श्रमदानात जे व्हायचं तेच झालं. ट्रॅडेस्कॅन्शिया उपटून बादलीत गेली, आणि केन्याला छान आळं करून पाणी घालण्यात आलं.

इंजिनिअर काका त्या दिवशी फोनमध्ये झाडं ओळखणारं ॲप घेऊन आले होते. ते प्रत्येक रोपासमोर फोन धरायचे, ॲप विचार करायचं, मग काका निकाल जाहीर करायचे. ॲपने केन्याला केना म्हटलं, मोंडो ग्रासला कांद्याची पात म्हटलं आणि काकांच्या चपलेचा चुकून फोटो गेला तेव्हा तिलाही एक लॅटिन नाव दिलं. “तंत्रज्ञान अजून बाल्यावस्थेत आहे,” काका म्हणाले. पण मोंडो ग्रासची एक ओळ तोवर उपटून झाली होती.

केन्याबद्दल आणखी सांगायलाच हवं, कारण इतका चिवट आणि इतका देखणा शत्रू दुसरा नाही. वरची निळी फुलं हा त्याचा दर्शनी भाग झाला. तो मातीखालीही फुलतो. तिथली फुलं फिकट, कधीच न उमलणारी. आतल्या आत परागीकरण उरकून ती मातीतच बी धरतात. म्हणजे तुम्ही वरची फुलं यायच्या आत केना खुडला आणि समाधानाने लिफ्टने वर गेलात, तरी तळघरात त्याचा कारभार चालूच असतो. शिवाय त्याचा तुकडा तुटून ओल्या मातीवर पडला तर पेरांना मुळं फुटून तो पुन्हा उभा राहतो. आमच्या श्रमदानात उपटलेल्या केन्याचा ढीग वाफ्याच्या कडेलाच ठेवला होता. रात्री पाऊस पडला. पुढच्या रविवारी ढीग जमिनीला चिकटलेला होता आणि कडेची जागाही त्याच्याच नावावर झाली होती. सरकारी खात्यात याला बदली म्हणतात.

आंबुशी त्यामानाने सभ्य वाटते. तीन बदामी पाकळ्यांचं पान, चिमुकलं पिवळं फूल, चवीला आंबट. शाळेतून येणारी मुलं ती येता-जाता चघळतात. तिच्या शेंगा बोटभरही नसतात, आकाशाकडे ताठ उभ्या असतात. पिकलेल्या शेंगेला बोट लागलं की ती टचकन फुटते आणि बी हाताभर लांब उडतं. आंबुशी शेंगा पिकल्यावर उपटणं म्हणजे तिची पेरणी स्वहस्ते करून देणं. तरी लोक नेमकी तेव्हाच उपटतात, कारण त्याआधी ती गोड दिसत असते.

भिंतीच्या टोकाला, जिथे आंब्याची सावली संपते आणि ऊन सुरू होतं, तिथे लव्हाळा. १९७७ साली निघालेल्या, जगातल्या सर्वांत त्रासदायक तणांवरच्या एका जाडजूड इंग्रजी ग्रंथात या लव्हाळ्याला पहिला क्रमांक दिला आहे. त्याचा पराक्रम जमिनीखाली असतो. एका बारीक दोऱ्यासारख्या मुळावर ओळीने कंद लागलेले असतात. टोकाचा कोंब जिवंत असेल तोवर मागचे बरेचसे कंद गप्प बसतात. तुम्ही वरचं पातं जोर लावून ओढता, दोरा तुटतो, आणि मागे राहिलेले कंद स्वतंत्रपणे कामाला लागतात. मात्र लव्हाळ्याला सावली सोसत नाही, ही आपल्या बाजूने एकच जमेची बाब. दाट सावलीत तो पिवळट होऊन कसाबसा तग धरतो. या लव्हाळ्याच्याच घराण्यातले सुगंधी कंद नागरमोथा म्हणून दिवाळीच्या उटण्यात पडतात. म्हणजे आपण ऑक्टोबरात जो कंद शिव्या घालत खणून फेकतो, त्याच्याच भाऊबंदांना पहाटे अंगाला चोळून ‘काय सुंदर वास आहे’ म्हणतो.

गाजर गवत आमच्या आंब्याखाली फारसं आलं नाही, ते गेटापाशी उन्हात थांबलं. पुणेकरांनी या बाबतीत विनय दाखवू नये. हे गवत देशात लोकांच्या डोळ्यांवर आलं ते पुण्यातच, १९५५ च्या सुमारास. अमेरिकेच्या गव्हाबरोबर आलं असं सांगतात. त्याच्या बंदोबस्तासाठी पुढे मेक्सिकोतून एक भुंगा आणावा लागला, १९८४ साली तो बंगळुरात सोडण्यात आला. भुंगा आपलं काम करतो, पण पाऊस पडेल तेव्हाच करतो. बाकी वर्ष तो जमिनीत झोपलेला असतो. आमच्या हाउसकीपिंगच्या ठेकेदाराला हे कळू देऊ नये.

आता उपटायचं कुणी हा प्रश्न नव्हताच, काय उपटायचं हा होता. पहिल्या मजल्यावरच्या काकूंचं आयुर्वेदाचं वाचन दांडगं आहे. त्या खुर्ची टाकून बसल्या आणि एकेका रोपाला संरक्षण देऊ लागल्या. “अहो, ती भुईआवळी. काविळीवर देतात. ठेवा.” “तो माका. केसांना. ठेवा.” “ती पुनर्नवा, सुजेवर. तिला हात लावू नका.” तासाभरात असं निष्पन्न झालं, की वाफ्यात औषधी नसलेली वनस्पती एकच, ती म्हणजे पैसे देऊन आणलेलं सिंगोनियम. त्याचा चीक लागला तर खाज सुटते. तिसऱ्या मजल्यावरच्या मावशींनी औषधाचा आग्रह धरला नाही. त्यांनी फक्त परात पुढे केली. “केना टाकू नका हो. भजी करते.” भजी उत्तम झाली. आजवर केन्याविरुद्ध सोसायटीने योजलेल्या उपायांत एवढा एकच उपाय सगळ्यांना मनापासून पटला.

धर्माचा भाग वेगळाच. कुणाच्या तरी कुंडीतून बी पडून वाफ्यात तुळशी उगवल्या होत्या. सावलीत त्या लांबुळक्या, खंगलेल्या, पण तुळस उपटणार कोण? पिंपळाची चार पानं भिंतीच्या कडेला लवलवत होती. पिंपळ म्हणजे पुढच्या दहा वर्षांत भिंत जाणार हे सगळ्यांना माहीत होतं. सगळ्यांनी वॉचमनकडे पाहिलं. वॉचमनने गेटकडे पाहिलं आणि तो गेट उघडायला निघून गेला. पिंपळ अजून आहे. भिंतीला बारीक तडा गेलाय, त्याची नोंद इतिवृत्तात झाली आहे.

श्रावण लागायच्या आधी एकदा मजूर लावून सगळा वाफा साफ करून घेतला. कुंपणाशी कमरेएवढा वाढलेला आघाडाही काढला, कारण त्याची काटेरी कणसं येणाऱ्या-जाणाऱ्याच्या पायजम्याला चिकटतात आणि तशीच दुसऱ्या मजल्यापर्यंत जातात. पहिल्या शुक्रवारी सकाळी सात वाजता इंटरकॉम वाजला. जिवतीला आघाडा-दूर्वांची माळ लागते, आघाडा कुठे गेला? मग गणपतीच्या आदल्या दिवशी पुन्हा तोच फोन, पत्रीसाठी. शेवटी मंडईत जाऊन पाच रुपयांच्या तणाची जुडी वीस रुपयांना आणावी लागली. तण म्हणजे काय, याची आमच्या सोसायटीतली व्याख्या महिन्यागणिक बदलते, पंचांग बघावं लागतं.

दरम्यान ग्रुपवर उपायांचा पाऊस पडत होता. मीठ आणि व्हिनेगर फवारा. उकळतं पाणी ओता. या दोन्ही गोष्टींनी तणाच्या वरच्या पानांबरोबर आपली रोपंही जातात, आणि मीठ तर मातीतच राहतं, आंब्याच्या मुळांशी. आंब्याने सोसायटीचं काय वाईट केलं होतं? एकांनी तणनाशकाचा डबा आणतो म्हटलं. ग्लायफोसेट हे औषध हिरवं दिसेल त्याला मारतं. ट्रॅडेस्कॅन्शिया आणि केना एकमेकांत गुंतलेले असताना त्यातला एकच मारायचा, हे पाठीवरच्या पंपाने जमत नाही. शिवाय केंद्र सरकारने २०२२ साली या औषधाच्या वापरावर निर्बंध घातले आहेत. हे ऐकल्यावर डबा आणणाऱ्या गृहस्थांचा उत्साह का कोण जाणे, वाढला.

सगळ्यांत महागडा उपाय म्हणजे पांढरे गोटे. हे कुणाच्या तरी मुलाने दुबईत पाहिले होते. रोपांच्या मधे हिरवी प्लास्टिकची जाळी अंथरायची आणि वर शुभ्र गोटे. दोन महिने फार सुंदर दिसलं. रात्री त्यावर दिव्यांचा उजेड पाडायचा असंही ठरत होतं. मग आंब्याचा मोहोर गळला, पानं गळली, पार्किंगची धूळ बसली, गोट्यांच्या फटीत अर्धा इंच माती तयार झाली आणि त्या मातीत आंबुशीने जाळीच्या वर स्वतंत्र संसार थाटला. मुळं जाळीत गुंतल्यामुळे ती उपटायची सोय राहिली नाही. खालच्या ट्रॅडेस्कॅन्शियाला मात्र जाळीमुळे पसरून मुळं धरता येईनात. म्हणजे आपल्या झाडाचा रस्ता बंद आणि तणाला गोट्यांची फरशी. गोटे हिरवे पडले. ते घासून धुवायला दोन मजूर लागले. त्याचं बिल ‘बागकाम’ या सदरात दाखवलेलं आहे.

शेजारच्या सोसायटीने आमच्यावर कडी केली. त्यांच्या लँडस्केपवाल्याने वेडेलिया लावली. चकचकीत पान, पिवळं फूल, सावलीतही वाढते, आणि एका पावसाळ्यात त्यांचा पट्टा गच्च भरला. आमचे खजिनदार भिंतीवरून बघून हळहळले, तीही स्वस्तात. मग वेडेलियाने त्यांचे नेचे खाल्ले, क्रोटनच्या खोडावर चढली, गटारात उतरली आणि भिंतीखालून आमच्याकडे आली. ही बाई जगातल्या शंभर सर्वाधिक घातक परक्या आक्रमक प्रजातींच्या आंतरराष्ट्रीय यादीत आहे, घाणेरी आणि रानमोडी यांच्या पंगतीला. तिला कापून टाकलं तरी तुकड्यातुकड्याला मुळं फुटतात. दोन सोसायट्यांमध्ये आता त्यावरून पत्रव्यवहार चालू आहे. त्यांचं म्हणणं, ती आमच्याकडून गेली.

या सगळ्यात शहाणं माणूस एकच निघालं. आठवड्यातून दोनदा येणाऱ्या माळीण मावशी. साताऱ्याकडच्या. त्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांची शेतं भांगलली आहेत, त्यामुळे श्रमदानाचं त्यांना कौतुक नाही. पावसाने ओल धरली की त्या सकाळी येऊन उकिडव्या बसत. डाव्या हाताने आपल्या रोपाचं बूड दाबून धरत, उजव्या हाताच्या दोन बोटांनी तणाची मान मातीला चिकटून पकडत आणि हिसका न देता, जरा वाट बघत ओढत. मुळासकट केना वर यायचा आणि थेट बादलीत जायचा. जमिनीवर एक तुकडा टाकायच्या नाहीत. लव्हाळ्याला त्या ओढायच्याच नाहीत. पाच-सहा पानं व्हायच्या आत मातीलगत कापायच्या, पुन्हा आला की पुन्हा कापायच्या. कंदातली शिदोरी संपेस्तोवर. आणि खुरपं खोल घालायच्या नाहीत. इंजिनिअर काकांना हे कामचुकारपणाचं वाटलं.

“मावशी, जरा खोल खणा ना. मुळापासून निघू दे.”

“खणलं की खालचं बी वर येतंय काका,” मावशी मान वर न करता म्हणाल्या. “वर आलं की उजेड दिसतोय त्याला. मग तुम्ही मोजत बसा. आधी त्यो खराटा थांबवा तुमचा.”

“खराटा?”

“रोज पाला झाडून काढताय की. पाला काढला की रान उघडं पडतंय. उघड्या रानात तण येणारच.”

काकांनी निर्णायक मुद्दा काढला. “पाल्यात साप येतो.”

“साप उंदराला येतोय काका. उंदीर तुमच्या कचऱ्याच्या डब्यापाशी हायेत.”

ही चर्चा मीटिंगमध्ये मांडली गेली नाही, पण मांडायला हवी होती. कारण हिशेब असा आहे. आंबा वर्षभर पाला गाळतो, फुकट. तो झाडायला सोसायटी हाउसकीपिंगला पैसे देते. तो पोत्यांत भरून न्यायला वेगळे पैसे. जाळायला बंदी आहे, हे एव्हाना सगळ्यांना कळलंय. आणि मग वाफ्यातली माती उघडी पडून तण माजतं म्हणून नारळाच्या भुशाच्या विटा विकत आणून त्या पाण्यात फुगवून पसरतो. झाड जे काम वरून करत होतं, ते आपण खालून विकत घेतो. जंगलात आंब्याखाली, जांभळाखाली कुणी निंदणी करत नाही. तिथे पाल्याचा थर असतो. त्याखाली पडलेल्या बारीक बीला उजेड मिळत नाही, आणि मिळाला तरी त्याच्या इवल्याशा पोटातली शिदोरी तो थर फोडून वर येण्याइतकी नसते. आंब्याचं पान चामट, कुजायला वेळ घेणारं, त्यामुळे आच्छादन म्हणून अव्वल. दोन-तीन इंच जाडीचा थर पुरे. फक्त झाडाच्या बुंध्याला आणि रोपांच्या मानेला तो लगटू द्यायचा नाही, नाहीतर तिथे कूज धरते.

गेल्या उन्हाळ्यात खजिनदार मुलाकडे अमेरिकेला गेले होते, तेव्हा मावशींनी ते करून टाकलं. गोटे गोळा करून टाकीच्या झाकणापाशी रचले. जाळी फाडून काढली. रोपांच्या मधल्या मोकळ्या जागेत रद्दीचे सात-आठ कागद एकमेकांवर चढवून अंथरले आणि भिजवले. रद्दी कमी पडली तेव्हा सोसायटीच्या कपाटातून वार्षिक अहवालांच्या शिल्लक प्रती आल्या. त्या भरपूर निघाल्या आणि कुणी वाचलेल्या नसल्याने कोऱ्या करकरीत होत्या. वर आंब्याचाच पाला पसरला. पार्किंगच्या कुंडीत स्पायडर प्लांटला लोंबणारी पिल्लं होती, ती तोडून अध्येमध्ये खोचली. एक पैसा लागला नाही. सावली आवडणारं बहुतेक ग्राउंड कव्हर असं आपल्याच अंगापासून वाढवता येतं. ट्रॅडेस्कॅन्शियाचे तुकडे, मोंडो ग्रासचे ठोंब, नेचांची धावती पिल्लं. नऊ इंचाचं अंतर त्यातच जमून गेलं असतं. कोटेशन निम्मं करण्याची गरजच नव्हती.

यंदाच्या पावसाळ्यात वाफा भरला. केना आहे, पण मोजकाच, भज्यांपुरता. आंबुशी कडेला. लव्हाळा टोकाला उन्हात उभा आहे, आत यायचं नाव घेत नाही. मावशींचं काम आठवड्याला अर्ध्या तासावर आलं आहे. त्यावरून नव्या कमिटीत असा मुद्दा निघाला, की काम कमी झालंय तर पगारही कमी करावा. तो फेटाळला गेला, पण फक्त दोन मतांनी.

तेव्हा तुमच्या सोसायटीत सावलीतल्या वाफ्याचा विषय निघालाच तर एवढं करा. रोपं जवळ लावा, खत कुजलेलं घ्या, आंबुशी शेंगा धरायच्या आत उपटा, केना बादलीत टाका आणि आंब्याखाली खराटा फिरू देऊ नका. आणि पांढऱ्या गोट्यांचा ठराव कुणी आणला, तर आमच्याकडे तीन पोती गोटे पडून आहेत, टेम्पो घेऊन या.